मामाचं काळं टोपण, फाळके आणि अनडू नसलेलं जग

 

मागच्या एपिसोडनंतर तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी विचारलं, की व्हीएफएक्सवर कधी बोलणार. तर आज बोलूया. पण आधीच सांगते, डायनासोर, ग्राफिक्स कार्ड, रेंडर फार्म यातलं आज काहीच नाहीये. आज आपण शंभर-सव्वाशे वर्षं मागे जाणार आहोत, जेव्हा कॅमेऱ्याला हँडल होतं, ते हाताने फिरवावं लागायचं, आणि चूक झाली तर अनडू नव्हतं.

हा विषय मला माझ्या मामामुळे सुचला. त्याची गोष्ट आधी सांगते, कारण त्यात माझी एक चूक आहे.

नगर जिल्ह्यात तालुक्याच्या गावी माझ्या मामाचा फोटो स्टुडिओ होता. पासपोर्ट, लग्न, बारसं, मुलीला दाखवायचा फोटो, सगळं तिथेच. दुकानाच्या काचेत एक कृष्णधवल फोटो लावलेला असायचा. त्यात मामा खुर्चीत बसलाय, आणि दुसरा मामा त्याला चहाचा कप देतोय. एकाच फोटोत दोन मामा! गावातली पोरं काचेला नाक लावून तो फोटो बघायची. मीसुद्धा.

मग मी इंजिनिअरिंगला गेले. पहिल्या वर्षाच्या सुट्टीत फोनवर एक अ‍ॅप घेतलं होतं, त्यात असा डबल फोटो काढता यायचा. मी दुकानात गेले, मामाचे दोन फोटो काढले आणि त्याच्यासमोर जोडून दाखवले. म्हटलं, "बघ मामा, दोन सेकंदात झालं." तो म्हणाला, "छान आहे." एवढंच. पुढच्या वेळी गेले तेव्हा काचेतला तो फोटो तिथे नव्हता.

मी काही वाईट हेतूने केलं नव्हतं. पण ते "छान आहे" माझ्या डोक्यातून गेलं नाही. स्टुडिओ आता बंद आहे. या दिवाळीला घरी गेले, तर माळ्यावरच्या एका डब्यात मला काळ्या पुठ्ठ्याचं एक टोपण सापडलं. गोल, भिंगावर बसेल असं, पण अर्धंच झाकणारं. अर्धा गोल उघडा. मी मामाला विचारलं, हे काय आहे?

मामा हसला. म्हणाला, "तेच आहे ते. दोन मामांचं मशीन."

आजचा एपिसोड त्या टोपणाबद्दल आहे असं समजा.

स्टॅच्यू!

सुरुवात सगळ्यात सोप्या ट्रिकपासून करू. लहानपणी आपण "स्टॅच्यू" खेळायचो ना? कुणी म्हटलं स्टॅच्यू, की जागच्या जागी थिजायचं. सिनेमातला पहिला स्पेशल इफेक्ट म्हणजे हाच खेळ.

१८९५ साली, अमेरिकेत एडिसनच्या कंपनीने एक छोटीशी फिल्म केली. स्कॉटलंडची राणी मेरी हिचा शिरच्छेद. राणी ओंडक्यावर मान ठेवते, कुऱ्हाड वर जाते, आणि... स्टॅच्यू! कॅमेरा थांबवला. सगळे कलाकार जागच्या जागी थांबले. राणीच्या जागी पुतळा ठेवला. कॅमेरा परत सुरू. कुऱ्हाड खाली, मुंडकं बाजूला. बघणाऱ्याला मधला थांबा दिसतच नाही.

पुढच्याच वर्षी पॅरिसमध्ये जॉर्ज मेलिएसने हाच खेळ उचलला. हा माणूस मुळात जादूगार. १८८८ मध्ये त्याने चक्क जादूच्या प्रयोगांचं एक थिएटर विकत घेतलं होतं. तो स्वतः एक किस्सा सांगायचा. पॅरिसच्या एका चौकात शूटिंग करताना त्याचा कॅमेरा अडकला, दुरुस्त करेपर्यंत मिनिटभर गेलं, आणि नंतर पडद्यावर बघतो तर प्रवासी गाडीची अचानक शववाहिका झालेली! किस्सा रंगवून सांगितलेला असेलही, जादूगारच तो. पण १८९६ मध्ये त्याने खुर्चीवरची बाई गायब करणारी फिल्म केली, ती आजही बघायला मिळते.

आता मला यातलं आवडलेलं एक तांत्रिक बारकावं सांगते. हाताने फिरवायचा कॅमेरा थांबवला की तो एकदम थांबत नाही. हात हळू होतो. हात हळू झाला की प्रत्येक चौकट जास्त वेळ उजेड खाते. म्हणजे थांबायच्या आधीच्या आणि सुरू झाल्यानंतरच्या काही फ्रेम पांढऱ्याफटक होतात. बघणाऱ्याला तिथे झटका बसणार. मग मेलिएस काय करायचा? नंतर टेबलावर बसून त्या बिघडलेल्या फ्रेम कापायचा आणि दोन टोकं चिकटवायचा. त्याच्या मूळ फिल्मचा अभ्यास करणाऱ्यांना या ट्रिकच्या जागी हे जोड सापडलेत. म्हणजे आपण ज्याला कॅमेऱ्याची कमाल म्हणतो, तिच्यातलं निम्मं काम कात्री आणि डिंकाचं होतं.

काळा रंग म्हणजे रिकामी जागा

आता खरी गंमत. डबल एक्स्पोजर.

फिल्म म्हणजे काय, तर उजेड पडला की बदलणारं रसायन. जिथे उजेड पडला तिथे चित्र उमटतं. जिथे उजेड पडलाच नाही, तिथे फिल्म कोरी राहते. काळ्या मखमलीवरून उजेड जवळपास परत येतच नाही. मग काळ्या पडद्यासमोर एक माणूस उभा करून शूट केलं, तर फिल्मवर फक्त माणूस उमटेल. भोवतालची सगळी फिल्म अजून वापरायची शिल्लक! ती फिल्म अंधारात मागे गुंडाळायची, माणसाला दुसऱ्या जागी उभं करायचं, आणि त्याच फिल्मवर परत शूट करायचं. झाले दोन माणसं.

ज्यांनी फोटोशॉप वापरलंय त्यांच्यासाठी: काळा रंग म्हणजे ट्रान्सपरंट लेअर. एवढंच. फक्त हे लेअर वेगवेगळे सेव्ह होत नाहीत. सगळे एकाच फिल्मवर, एकावर एक.

मेलिएसने १८९८ मध्ये स्वतःचं डोकं काढून टेबलावर ठेवलं, मग दुसरं, मग तिसरं. आणि खांद्यावर परत नवीन डोकं आहेच. चारही डोकी एकमेकांशी बोलतायत. दोन वर्षांनी तर हद्द केली. एका फ्रेममध्ये सात मेलिएस, सगळे मिळून बँड वाजवतायत. सात वेळा तीच फिल्म कॅमेऱ्यातून गेली.

विचार करा. सहा वेळा सगळं बरोबर झालंय. सातव्या वेळी तुमचा हात चुकून शेजारच्या मेलिएसच्या जागेत गेला, किंवा ठेका अर्ध्या सेकंदाने चुकला. गेलं. सातवा नाही, सातही गेले. मी सॉफ्टवेअरमध्ये काम करते, रोज दहा वेळा चुकते, आणि दहा वेळा मागच्या व्हर्जनवर जाते. मला ही सातवी खेप नुसती कल्पनेतही झेपत नाही.

आणि ठेका कसा साधायचे? मोजून. त्या काळच्या बहुतेक कॅमेऱ्यांत हँडलच्या एका फेऱ्यात आठ फ्रेम जायच्या. सेकंदाला दोन फेरे, म्हणजे सोळा फ्रेम. कितव्या फेऱ्याला डोकं डावीकडे वळवायचं, कितव्या फेऱ्याला हसायचं, सगळं मोजून ठेवायचं. आणि फिल्म मागे घेताना तेवढेच फेरे उलटे, भिंगावर टोपण ठेवून. टोपण विसरलात, की पुन्हा पहिल्यापासून.

प्रोफेसर केळफा

आता आपल्याकडे येऊ.

धुंडिराज गोविंद फाळके. जन्म त्र्यंबकेश्वरचा, १८७०. शाळेत आपण एक ओळ पाठ केली: भारतीय चित्रपटाचे जनक, राजा हरिश्चंद्र, १९१३. दोन मार्क. पण या माणसाचा बायोडाटा बघितला तर वेड लागतं. जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये चित्रकला. बडोद्याच्या कलाभवनात पुढचं शिक्षण. फोटोग्राफी. गोध्र्याला स्टुडिओ. पुरातत्त्व खात्यात ड्राफ्ट्समन. मग छपाई आणि शिळाप्रेस, राजा रविवर्म्यांच्या छापखान्याशी संबंध. आणि जादू! फाळके जादूचे प्रयोग करायचे. स्टेजवरचं नाव "प्रोफेसर केळफा". फाळके उलटं वाचा.

आता हे सगळं एकत्र ठेवा. ज्याला चित्र काढता येतं, प्रकाश कळतो, रसायनं कळतात, यंत्र खोलता येतं, आणि प्रेक्षकाची नजर कुठे वळवायची हेही कळतं. एका माणसात अख्खं व्हीएफएक्स डिपार्टमेंट.

१९१२ मध्ये ते लंडनला जाऊन आले. विल्यमसन कंपनीचा कॅमेरा घेतला, सेसिल हेपवर्थ या निर्मात्याचा स्टुडिओ बघितला. परत आले तर पैसे देणारं कुणी नाही. सिनेमा ही गोष्ट भारतात बनवता येते यावर विश्वास कोण ठेवणार? मग त्यांनी डेमो बनवला. हो, आपण क्लायंटला दाखवतो तसा डेमो! एका कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा लावला, आणि रोप उगवताना थोड्या थोड्या वेळाने एकेक फ्रेम घेतली. पडद्यावर बघताना रोप डोळ्यांसमोर भराभर वाढतं. आज आपण ज्याला टाइमलॅप्स म्हणतो, ते.

आता इथे माझ्यातली इंजिनिअर जागी झाली. ही गोष्ट सहसा अशी सांगतात: महिनाभर रोज एक फ्रेम, आणि त्यातून मिनिटभराची फिल्म. मी फोनवर कॅल्क्युलेटर उघडला. रोज एक म्हणजे महिन्याच्या तीस फ्रेम. सेकंदाला सोळा या हिशेबाने पडद्यावर दोन सेकंदही नाहीत. मिनिटभराची फिल्म हवी तर ९६० फ्रेम लागतात. तीस दिवसांत ९६०, म्हणजे दिवसाला ३२. रात्री उजेड नाही, फक्त दिवसाचे बारा तास धरले, तर दर बावीस-तेवीस मिनिटांना एक फ्रेम.

म्हणजे रोज एक फ्रेम आणि मिनिटभराची फिल्म, या दोन्ही गोष्टी एकत्र खऱ्या असू शकत नाहीत. आणि फिल्म खरंच मिनिटभराची असेल, तर त्याचा अर्थ काय होतो बघा. महिनाभर, दिवसभर, घरात कुणीतरी त्या कुंडीपाशी होतं. जेवण अर्धवट टाकून उठत होतं. हँडल जेमतेम एका फ्रेमपुरतं फिरवत होतं. आपण जी गोष्ट "किती सोपी युक्ती" म्हणून सांगतो, ती प्रत्यक्षात पहाऱ्याची नोकरी होती.

पावणेपाच लाख भोकं

या घरातल्या दुसऱ्या माणसाबद्दल बोलल्याशिवाय हा एपिसोड पूर्ण होत नाही. सरस्वतीबाई फाळके.

दागिने गहाण टाकायला दिले, साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक केला, हे आपण वाचलेलं असतं. कौतुकाने सांगतात, आणि मग परत दादासाहेबांकडे वळतात. पण सरस्वतीबाईंनी फिल्मला भोकं पाडण्याचं काम शिकून घेतलं होतं, फिल्म धुण्याची रसायनं त्या तयार करायच्या, उन्हात पांढरी चादर धरून कलाकारांवर उजेड परतवायच्या. माझ्या मते यातलं भोकांचं काम सगळ्यात मोठं होतं. का ते सांगते.

फिल्मच्या दोन्ही कडांना ओळीने भोकं असतात, बरोबर? कॅमेऱ्यातला दात त्या भोकात अडकतो आणि फिल्म एकेक फ्रेम खाली ओढतो. त्या काळात कच्ची फिल्म भोकांशिवाय मिळायची. ती घरी, अंधारात, यंत्रावर पाडावी लागत. अंधारात, कारण उजेड लागला की फिल्म गेली.

आता समजा, एखादं भोक केसभर वर-खाली झालं. साध्या शॉटमध्ये काय होईल? चित्र जरासं थरथरेल. प्रेक्षक म्हणेल, चालतंय. पण डबल एक्स्पोजर असेल तर? पहिल्या खेपेत भिंत थरथरली एका तालात. दुसऱ्या खेपेत, त्याच फिल्मवर, देव प्रकट होतोय, आणि तो थरथरतोय वेगळ्याच तालात. भिंत इकडे, देव तिकडे. लगेच कळतं की हे चिकटवलेलं आहे. भूत, देव, राक्षस, जे काही हवेतून प्रकट व्हायचंय, ते विश्वास बसेल असं प्रकट होणार की नाही, हे त्या भोकांवर ठरतं.

थोडं गणित करू. "राजा हरिश्चंद्र" साधारण ३७०० फूट लांब होता. एका फुटात सोळा फ्रेम. म्हणजे जवळपास ५९ हजार फ्रेम. प्रत्येक फ्रेमला एका बाजूला चार, दोन्ही बाजूंना मिळून आठ भोकं. गुणाकार करा: ४ लाख ७३ हजार. पावणेपाच लाख भोकं! आणि ही फक्त एका प्रिंटची. त्याआधीची निगेटिव्ह वेगळी, वाया गेलेली फिल्म वेगळी. यंत्र होतं हे खरं. पण अंधारात फिल्म सरळ सरकवणारा हात माणसाचाच.

३ मे १९१३ ला गिरगावात कोरोनेशन सिनेमात हा चित्रपट लागला. त्याचे आज जे तुकडे उरलेत ते इंटरनेटवर सापडतात. त्यात देव प्रकट होतात. प्रसंग बघताना देवाच्या मागची भिंत बघा. मी आता नेहमी भिंतच बघते.

सात वर्षांची मंदाकिनी

फाळक्यांनी पुढे या खेळात काय काय केलं ते पटापट सांगते.

१९१७ मध्ये "लंकादहन". हनुमान उडतो, लंका जळते. राम आणि सीता, दोन्ही भूमिका एकाच माणसाने केल्या, अण्णा साळुंके. हे साळुंके आधी हॉटेलात स्वयंपाकी होते, तिथून फाळक्यांनी त्यांना "हरिश्चंद्र"मध्ये तारामती करायला आणलं, कारण बायका पडद्यावर यायला तयार नव्हत्या. तारामतीनंतर रामही तेच, सीताही तेच. माझ्या मामाच्या डबल रोलचे मूळ पुरुष म्हणजे हेच!

१९१८ मध्ये "श्रीकृष्ण जन्म". यात कंसाला भास होतात. त्याचं डोकं धडापासून सुटून वर जातं आणि परत खाली येऊन बसतं. मेलिएसची डोकी आठवली ना? युक्तीचं कूळ तेच. पण मेलिएसकडे ते गंमत म्हणून होतं, लोक हसायचे. इथे तीच युक्ती कंसाची भीती दाखवायला आली. समोर बसलेल्या प्रेक्षकाने ही गोष्ट आजीकडून ऐकलेली आहे, कीर्तनात ऐकलेली आहे. त्याला ट्रिक कशी केली हा प्रश्नच पडत नाही. तो म्हणतो, बरोबर आहे, कंसाला असंच वाटलं असणार.

आणि १९१९ चा "कालिया मर्दन". हा जरूर बघा, याचा बराच भाग शिल्लक आहे. कृष्ण झालीये फाळक्यांची मुलगी मंदाकिनी. वय वर्षं सात. चित्रपट सुरू होताना फाळके काय करतात? ते आधी मंदाकिनीला मंदाकिनी म्हणूनच दाखवतात. नुसता चेहरा. हसते, रडते, रागावते. आणि मग तो चेहरा हळूहळू विरघळून तिथे कृष्ण येतो.

अशा विरघळण्याला कॅमेऱ्यातली युक्ती अशी: पहिलं दृश्य संपताना ठरलेल्या फेऱ्यांत उजेड हळूहळू बंद करत जायचा. टोपण लावून तेवढेच फेरे मागे. मग दुसरं दृश्य सुरू करताना तेवढ्याच फेऱ्यांत उजेड हळूहळू उघडायचा. एक मावळतं त्याच जागी दुसरं उगवतं.

पण मला युक्तीपेक्षा तो निर्णय आवडतो. जादूगार कधी आपला पत्ता आधी दाखवतो का? इथे बापाने आधीच सांगून टाकलं: ही बघा, ही माझी मुलगी, सात वर्षांची. आता बघा, हिचा कृष्ण होतो. आणि तरीही पुढे ती कालियाच्या फण्यावर नाचते तेव्हा आपण मंदाकिनी विसरतो.

फाळक्यांनी तर १९१७ मध्ये चित्रपट कसे तयार होतात यावरच एक छोटी फिल्म केली होती. ते स्वतः दिग्दर्शन करतायत, फिल्म तपासतायत. मेकिंगचा व्हिडिओ! शंभर वर्षांपूर्वी.

काला धागा

अजून एका माणसाचं नाव घेते आणि मग मामाकडे परत जाते.

बाबूभाई मिस्त्री. सुरतचे. १९३७ मध्ये विजय भट्ट यांनी "ख्वाब की दुनिया" नावाचा चित्रपट केला. त्याआधी १९३३ मध्ये हॉलिवूडमध्ये अदृश्य माणसाचा सिनेमा येऊन गेला होता. तिथे त्यांनी नटाला कपड्यांच्या आत डोक्यापासून पायापर्यंत काळ्या मखमलीत गुंडाळलं, काळ्या मखमलीसमोर उभं केलं, आणि नुसते चालते-बोलते कपडे शूट केले. पुढे लॅबमध्ये बरीच मोठी प्रक्रिया करून ते कपडे खऱ्या खोलीच्या चित्रात बसवले. पैसा, माणसं, यंत्रं, सगळं हाताशी.

बाबूभाईंचं वय होतं एकोणीसच्या आसपास. त्यांनी काय वापरलं? काळा दोरा. पार्श्वभूमी काळी, त्यावर काळा दोरा, दोऱ्याला वस्तू बांधलेली. उजेड असा लावायचा की दोरा दिसणार नाही. वस्तू आपोआप हवेत हलतात! या कामामुळे इंडस्ट्रीत त्यांचं नावच पडलं, "काला धागा". पुढे कित्येक दशकं पौराणिक सिनेमातल्या चमत्कारांमागे हे बाबूभाई होते.

आपण याला जुगाड म्हणून मोकळे होतो. मला तो शब्द इथे पटत नाही. दोरा कुठल्या कोनातून दिसतो, कुठल्या उजेडात चमकतो, वस्तू झोका न घेता सरळ कशी जाईल, हे हात बसेपर्यंत करून बघावं लागतं. दोरा स्वस्त होता, ते काम स्वस्त नव्हतं.

बारा फोटो

तर दिवाळी. मी मामाला म्हटलं, "मला शिकव." तो म्हणाला, "अगं, अ‍ॅपमध्ये होतं की दोन सेकंदात." म्हणजे तोही विसरला नव्हता.

मी म्हटलं, "मामा, त्या दिवशी चुकलंच माझं."

तो काही बोलला नाही. आत गेला आणि जुना कॅमेरा घेऊन आला.

एकशेवीसची फिल्म मी ऑनलाइन मागवली. एका रोलमध्ये बारा फोटो. या कॅमेऱ्यात शटर दाबणं आणि फिल्म पुढे सरकवणं ही दोन वेगळी कामं आहेत, त्यामुळे एकाच जागी दोनदा फोटो काढता येतो. टोपण लावलं की भिंगाचा अर्धा भाग झाकतो. मामा खुर्चीत बसला, मी फोटो काढला. टोपण अर्धा फेरा फिरवलं, आता दुसरी बाजू झाकली. फिल्म सरकवायची नाही! मामा उठून दुसऱ्या बाजूला उभा राहिला, परत फोटो. अंगणातच खेळ मांडला होता.

फिल्म मामानेच धुतली, मोरीत, खिडकीला काळा कपडा लावून. वेळ मोजायला घड्याळ नाही, तोंडाने आकडे. आणि एक म्हणायचं नाही, "लाभ" म्हणायचं, धान्य मोजतात तसं. लाभ, दोन, तीन, चार...

पहिल्या चार फोटोंत मध्ये कडक काळी रेघ. मी कडक उन्हात भिंगाचं तोंड अगदी बारीक केलं होतं. तोंड बारीक असलं की टोपणाची कड स्पष्ट उमटते. तोंड मोठं ठेवलं तर कड धूसर होते आणि दोन अर्धी एकमेकांत मिसळतात. हे मामाने मला आधी सांगितलंच नव्हतं. म्हणाला, "सांगितलं असतं तर लक्षात राहिलं नसतं."

पुढच्या एकात ढग आला, एक मामा उन्हात, दुसरा सावलीत. एकात कप द्यायला पुढे केलेला हात मधल्या रेषेच्या पलीकडे गेला आणि कोपरापासून गायब! एकात मी चुकून फिल्म सरकवली, त्यामुळे दोन अर्धे फोटो झाले. एकात तिपाई ढकलली गेली आणि खुर्चीला सहा पाय आले. बारापैकी तीन बरे निघाले, आणि त्यातला एक खरंच चांगला. खुर्चीतला मामा वर बघतोय, उभा मामा कप पुढे करतोय.

इथे मला ते सात मेलिएस आणि ती भोकं खरी कळली. वाचून कळलं होतं, पण तिपाई माझ्याच पायाने ढकलली गेल्यावर जे कळलं ते वेगळं. मामाने आयुष्यात हे किती वेळा केलं असेल? आणि मी त्याच्यासमोर दोन सेकंद म्हणाले होते.

हे ऐकून कुणी म्हणेल, म्हणजे जुनं ते सोनं, अ‍ॅप वाईट? नाही हो. मी अ‍ॅपच बनवते, त्यावरच माझं घर चालतं. मेलिएसला, फाळक्यांना आजचं सॉफ्टवेअर दिलं असतं तर त्यांनी ते आनंदाने घेतलं असतं, रात्रभर जागून सगळी बटणं दाबून बघितली असती. त्यांच्या काळातलं सगळ्यात नवं यंत्रच तर ते वापरत होते. माझं म्हणणं एवढंच आहे, की आपल्या फोनमधल्या त्या एका बटणाच्या मागे असे बरेच मामा आहेत. त्यातला एखादा तुमच्या घरात असेल, तर त्याला विचारा. मी केलं तसं आधी दाखवू नका. आधी विचारा.

जाता जाता एक घरचा अभ्यास. फोन कुठेतरी घट्ट टेकवून ठेवा, हलायला नको. खोलीतल्या कुणाला तरी घ्या. व्हिडिओ सुरू करा, मध्येच "स्टॅच्यू" म्हणा, एक वस्तू उचलून बाजूला करा, परत हलायला सांगा. मग मधला भाग कापा. फिल्टर नाही, इफेक्ट नाही, नुसती कात्री. पहिल्या प्रयत्नात जमणार नाही, कुणीतरी हलतंच. हलली ती फ्रेम शोधा, का हललं ते बघा, आणि परत करा. जमलं की मला पाठवा, चांगले निघतील ते पुढच्या एपिसोडच्या पानावर लावूया.

आणि हो, तो फोटो. मोठा प्रिंट करून फ्रेममध्ये घालून मी मामाला पाठवला. फोन करून विचारलं, कसा वाटला?

म्हणाला, "चांगलाय. पण कप हललाय जरा. पुढच्या वेळी येशील तेव्हा परत काढू."

चला, भेटू पुढच्या एपिसोडमध्ये. काळजी घ्या!